कानानं रांधलेली चव

कुणी भाजी निवडत, कुणी गोधडीला टाके घालत, कुणी लेकराला मांडीवर घेऊन ऐकत असाल. हातातलं काम चालू द्या. आजच्या गोष्टीला फक्त कान लागतात.

आज आम्ही इतिहास सांगणार आहोत, पण राजांचा आणि लढायांचा नाही. आवाजाचा आणि चवीचा. मीठ, मिरची, चिंच, गूळ यांनी चव येते हे आपल्याला कुणी शिकवायला नको. पण आवाजानं चव घडवता येते का? कुणी म्हणालं की अमक्या गावात एक पाककला आहे, तिथं आचारी मसाल्याच्या डब्याऐवजी आवाजांचा डबा घेऊन बसतो, तर आपण म्हणू, काहीतरीच! पण असं खरंच करून पाहिलेली माणसं जगात होऊन गेली. त्यांची नावं, गावं, तारखा सगळं छापून ठेवलेलं आहे. आणि ती गोष्ट ऐकता ऐकता आपल्याच चुलीजवळची एक जुनी विद्या आठवते, जिची तारीख कुणी लिहिली नाही. म्हणून या दोन्ही गोष्टी आज एकत्र सांगतो.

विमानाच्या घरघरीत जेवण

पहिली गोष्ट इटली देशातली. तिथं फिलिप्पो तोम्माझो मारिनेत्ती नावाचा एक कवी होता. त्यानं 1909 साली आपल्या पंथाचा जाहीरनामा छापला. जुनं ते सगळं मोडा, यंत्र आणि वेग यांची पूजा करा, युद्ध चांगलं, असं त्यात होतं. बायकांचा तिरस्कार करा, असंही त्यात स्पष्ट लिहिलेलं होतं. पुढं ही मंडळी तिथला हुकूमशहा मुसोलिनी याच्या बाजूनं उभी राहिली.

डिसेंबर 1930 मध्ये मारिनेत्तीनं स्वयंपाकाचा जाहीरनामा काढला. इटलीत घरोघरी पास्ता खातात. पास्ता म्हणजे आपल्या शेवयांच्या जातीचा, गव्हाच्या रव्याचा पदार्थ. मारिनेत्ती म्हणाला, पास्त्यानं माणसं सुस्त होतात, तो बंद करा. मग 8 मार्च 1931 रोजी तुरीन शहरात या मंडळींच्या खानावळीचं उद्घाटन झालं. तिचं नाव सांतोपालातो, म्हणजे पवित्र टाळू. तारीख पाहिलीत ना? 8 मार्च. निव्वळ योगायोग!

त्यांच्या पदार्थांतला एक फार गाजला. जेवणाऱ्यानं उजव्या हातानं ऑलिव्हचं फळ, बडीशेपेच्या जातीचा कंद आणि संत्र्याच्या जातीचं एक बारीक फळ खायचं. डाव्या हातानं त्याच वेळी सँडपेपर, रेशीम आणि मखमल यांच्या तुकड्यांवरून बोटं फिरवायची. वाढपी मानेवर अत्तर उडवणार. आणि आतून विमानाच्या इंजिनाचा मोठा आवाज सोडलेला असणार, सोबत बाख या संगीतकाराचं संगीत. आवाज हासुद्धा जेवणाचा एक जिन्नस आहे, असं ठरवून मांडलेलं हे ताट होतं. पुढच्याच वर्षी, 1932 साली, या प्रयोगांचं पुस्तकही निघालं.

पण याच गोष्टीतली दुसरी बाजू ऐका. लाक्विला नावाच्या गावातल्या बायकांनी एकत्र येऊन पास्त्याच्या बाजूनं पत्र लिहिलं, त्याखाली सह्या केल्या आणि मारिनेत्तीला पाठवून दिलं. रोज कणीक तिंबणाऱ्या, पास्ता लाटणाऱ्या त्या बायका. आमचं अन्न बंद करा सांगणारे तुम्ही कोण, असा त्यांचा सवाल असणार. ती खानावळ फार वर्षं टिकली नाही. पास्ता आजही घरोघरी शिजतो.

कुरकुरीतपणा कानात असतो

पुढं सत्तर-पंच्याहत्तर वर्षांनी हाच विषय प्रयोगशाळेत गेला. इंग्लंडमध्ये ऑक्सफर्डच्या विद्यापीठात चार्ल्स स्पेन्स नावाचे संशोधक आहेत. त्यांनी आणि मास्सिमिलियानो झाम्पिनी यांनी 2004 साली एक प्रयोग छापला. लोकांना बटाट्याचे वेफर चावायला दिले. समोर माइक ठेवला आणि चावण्याचा आवाज कानावरच्या हेडफोनमधून त्यांना परत ऐकवला. मध्येच तो आवाज मोठा केला किंवा त्यातला तीव्र, कडक भाग वाढवला. वेफर सगळे सारखेच होते. पण आवाज वाढवला की लोक म्हणत, हा जास्त कुरकुरीत आहे, ताजा आहे. आवाज कमी केला की म्हणत, हा मऊ पडलाय, शिळा आहे. या प्रयोगाला 2008 साली आधी हसवणाऱ्या आणि मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाचा इग नोबेल पुरस्कार मिळाला.

त्याच सुमाराला, 2007 साली, इंग्लंडमधल्या ब्रे गावच्या एका महागड्या हॉटेलात हेस्टन ब्लुमेंथल या आचाऱ्यानं एक पदार्थ सुरू केला. समुद्रातली मासळी, शेजारी वाळूसारखा दिसणारा खाण्याचाच चुरा आणि सोबत एक शंख. शंखाच्या पोटात गाणी ऐकायचं छोटं यंत्र लपवलेलं. इअरफोन कानाला लावायचे, समुद्राच्या लाटा ऐकायच्या आणि मासळी खायची. त्याआधी स्पेन्स यांच्यासोबत प्रयोग करून पाहिलेला होता. कालवं खाताना समुद्राचा आवाज ऐकवला तर लोकांना ती जास्त रुचत, कोंबड्या-गुरांचा आवाज ऐकवला तर कमी.

2012 साली आणखी एक प्रयोग छापून आला. साखर करपेपर्यंत तापवून केलेल्या कडसर-गोड वड्या लोकांना खायला दिल्या. खर्जातले, जाडसर आवाज ऐकवले तेव्हा त्याच वड्या जरा जास्त कडू लागल्या. उंच पट्टीतल्या आवाजांबरोबर त्या जरा गोडाकडे झुकल्या.

यात जादूटोणा काही नाही. आवाजानं भाजीत मीठ पडत नाही. चव फक्त जिभेवर ठरत नाही, एवढंच यातून कळतं. नाक वास देतं, डोळे रंग सांगतात, कान आवाज पोचवतात आणि मेंदू या सगळ्याची गोळाबेरीज करून म्हणतो, छान झालंय. शिवाय शरीराची एक गंमत आहे. जिभेच्या पुढच्या भागाची चव मेंदूकडे नेणारी जी नस आहे, ती वाटेत आपल्या मधल्या कानातून, पडद्याला लागून जाते. म्हणून कानाच्या दुखण्यात किंवा कानाच्या ऑपरेशननंतर काहींची चव बदलते. कुणाला असा अनुभव आला तर ते मनाचे खेळ समजू नका, डॉक्टरांना सांगा.

गोंगाटाचंही तसंच आहे. अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात 2015 साली लोकांना विमानाच्या आतल्यासारखा मोठा आवाज ऐकवून चवी तपासल्या. त्या आवाजात गोडाची जाणीव कमी झाली. शिजलेल्या टोमॅटोत असतो तसला दाट, रसदार स्वाद मात्र जास्त जाणवला. आता लग्नाच्या मांडवात डीजेच्या भिंतीशेजारी पंगत बसवली आणि पाहुणे म्हणाले की जिलबी अगोड होती, तर आचाऱ्याला बोल लावण्याआधी डीजेकडे बघा!

आपल्या चुलीजवळचा कान

आता दुसरी गोष्ट. ही आपली.

तुरीनच्या खानावळीतला, ब्रे गावच्या हॉटेलातला आवाज खाणाऱ्याच्या कानासाठी होता. अन्न शिजवून झालेलं, ताटात वाढलेलं आणि मग वरून आवाज. आपल्याकडं आवाज ऐकते ती रांधणारी. तो ऐकून ती हात हलवते, जाळ ओढते, झाकण काढते. म्हणजे तिच्या कानामुळं पदार्थच बदलतो. आवाजानं चव घडवण्याची कला यापेक्षा वेगळी काय असते?

फोडणीच घ्या. मोहरीच्या दाण्यात थोडं पाणी असतं. तेल पुरेसं तापलं की त्या पाण्याची वाफ होते, ती दाण्याचं टरफल फोडते आणि तडतड सुरू होते. दाणे गप्प पडून राहिले तर तेल गार आहे. घातल्याबरोबर फटाफट उडाले तर तेल फार तापलंय, आता जिरं-हिंग घातलं तर करपणार. तडतड भरात येऊन ओसरायला लागली की पुढचा जिन्नस टाकायचा. हे क्षण घड्याळात मोजायचे नसतात. पाठ चुलीकडं असली तरी आपला कान तिकडं असतो.

आधणाचं बघा. पाणी उकळण्याच्या आधी भांडं सूं सूं करतं. तळाशी वाफेचे बुडबुडे होतात, वर गार पाण्यात जाऊन फुटतात, त्याचा तो आवाज. सगळं पाणी उकळायला लागलं की सूं सूं थांबते आणि खदखद सुरू होते. तांदूळ वैरायचे ते या दुसऱ्या आवाजावर. पहिल्या आवाजाला फसलं की भात बिघडतो, हे नव्या सुनेला सासूनं सांगितलेलं असतं.

तळणात तर कानच मुख्य. चकली तेलात सोडली की तिच्यातलं पाणी वाफ होऊन बाहेर पडतं. तो चर्र आवाज आणि ते बुडबुडे पाण्याचे असतात, तेलाचे नव्हेत. पाणी संपत आलं की आवाज बारीक होतो, बुडबुडे विरतात. तेव्हा चकली काढायची. आवाज मोठा असतानाच काढली तर आत ओल राहते आणि दुसऱ्या दिवशी ती मऊ पडते. आवाज पार थांबेपर्यंत ठेवली तर रंग जातो, कडवट होते. म्हणजे ऑक्सफर्डच्या प्रयोगात खाणाऱ्याला जो कुरकुर आवाज ऐकू आला, त्याचा पाया कढईजवळच्या आवाजात असतो.

नागपंचमीच्या लाह्यांचंही असंच. दाण्यातल्या ओलीची वाफ होते, टरफल तिला कोंडून धरतं आणि मग फट्! फ्रान्समधल्या संशोधकांनी 2015 साली मक्याच्या लाह्यांचं गणित मांडलं. दाणा साधारण 180 अंश सेल्सिअसला फुटतो आणि तो आवाज मुख्यतः आतली वाफ एकदम सुटण्याचा असतो, असं त्यांना दिसलं. आपल्या आज्यांकडं अंशांचा काटा नव्हता. पहिली फट् ऐकली की झाकायचं, दोन आवाजांमधलं अंतर वाढलं की उतरवायचं, एवढं त्यांना ठाऊक होतं आणि तेवढ्यात लाह्या फुलत होत्या, करपत नव्हत्या.

तव्यावर पाण्याचा थेंब टाकून ऐकणं, भाजलेली भाकरी बोटानं वाजवून पाहणं, नारळ हलवून पाणी ऐकणं, कुंभाराकडून मडकं घेताना टिचकी मारणं. तुम्ही यादी करायला बसलात तर आमच्यापेक्षा मोठी होईल.

नऊशे वर्षांपूर्वीची एक ओळ

या विद्येचा इतिहास कुठं लिहिलाय का? फार थोडा. पण जो आहे तो मोलाचा आहे.

कल्याणीच्या चालुक्य घराण्यात सोमेश्वर तिसरा नावाचा राजा झाला. कल्याणी म्हणजे आजचं कर्नाटकातलं बसवकल्याण, आपल्या सोलापूर-धाराशिवपासून फार लांब नाही. त्याच्या नावावर 'मानसोल्लास' नावाचा संस्कृत ग्रंथ आहे, साधारण 1129 सालचा. त्यात राजाच्या जेवणावर वेगळं प्रकरण आहे. मांडे, वडे, इडलीच्या पूर्वजासारखी इडरिका, असे पदार्थ आणि त्यांची कृती त्यात दिलेली आहे. त्याच ग्रंथात गाण्यांबद्दल लिहिताना म्हटलंय की महाराष्ट्रात बायका कांडताना ओवी गातात.

राजाच्या ताटातल्या पदार्थांवर पानंच्या पानं आणि कांडणाऱ्या बाईवर एक ओळ. पण त्या ओळीमुळं आपल्याला कळतं की जवळजवळ नऊशे वर्षांपूर्वी मुसळाचा आवाज आणि बाईचा गळा एकत्र चालत होते.

ते एकत्र का चालत, याला कामाचं कारण आहे. उखळावर दोघी उभ्या असल्या की मुसळं पाळीपाळीनं पडली पाहिजेत. ताल चुकला की मुसळावर मुसळ आदळणार. जोर कमी पडला की भात नीट सडला जात नाही, फाजील झाला की तांदळाची कणी होते. गाण्यानं हात एका चालीत राहतो.

जात्याचंही तसंच. वरची पाळ खुंट्याला धरून फिरवायची आणि दुसऱ्या हातानं मूठमूठ दाणे वैरायचे. दाणे भरपूर असले की जात्याचा आवाज जड, भरलेला येतो. दाणे संपत आले की दगडावर दगड घासल्याचा खरखरीत आवाज येतो. तो आला आणि हात थांबला नाही, तर पिठात दगडाची कच उतरते. एकदम जास्त वैरलं की पीठ जाडं पडतं. ओवीच्या चालीवर हात फिरला की घासही बेतानं पडतो. सावकाश दळल्यानं पीठ फारसं तापत नाही. आणि कितीही नीट वैरलं तरी पीठ जाडंच पडायला लागलं की समजायचं, दगड गुळगुळीत झालाय, टाकी लावून घ्यायची वेळ आली. म्हणजे भाकरीची चव तव्यावर जाण्याच्या कितीतरी आधी, पहाटेच्या अंधारात, ऐकून ऐकून घडत होती.

पण मैत्रिणींनो, जात्याचं नुसतं कौतुक करून आम्हाला थांबायचं नाही. दिवसाउजेडी शेतावर जायचं म्हणून पहाटे उठून दळायचं. बाळंतीण असो, अंगात ताप असो, पीठ नसेल तर घर उपाशी. खांदे, कंबर, तळहात यांनी ते सोसलंय. ओव्यांमध्ये भाऊ-माहेर आहे, विठोबा आहे, तसं हे सोसणंही आहे. गावात डिझेल इंजिनाची गिरणी आली, तिच्या पुकपुक आवाजानं गाव जागं व्हायला लागलं, तेव्हा बायकांनी जातं कोपऱ्यात सरकवलं. त्यांनी योग्यच केलं. पहाटेची झोप त्यांच्या वाट्याला आली. जातं परत आणा, असं आमचं म्हणणं अजिबात नाही.

आमचं म्हणणं एवढंच की जात्यासोबत ओवी गेली, ती आपण जाऊ दिली म्हणून नाही, तर तिला दुसरी जागा मिळाली नाही म्हणून. ज्या कामात ती गायली जायची, ते कामच उरलं नाही. पुण्यात हेमा राईरकर आणि गी पॉइतवां या दोघांनी हे वेळेत ओळखलं. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गावोगाव जाऊन बायकांकडून ओव्या ऐकल्या, लिहून घेतल्या, पुढं ध्वनिमुद्रितही केल्या. हजाराहून अधिक गावांतल्या एक लाखाहून जास्त ओव्या त्यातून जमल्या. आज त्यातल्या पुष्कळ 'परी' या संकेतस्थळावर मोबाइलवरसुद्धा ऐकता येतात, गाणाऱ्या बाईच्या आणि तिच्या गावाच्या नावासकट. नऊशे वर्षांपूर्वीच्या त्या ओळीत बाईला नाव नव्हतं. इथं ते आहे.

खानदेशातल्या बहिणाबाई चौधरींचंही आठवा. त्यांना लिहिता येत नव्हतं. शेतात, घरात, जात्यावर काम करताना त्या गाणी रचत. घरातल्यांनी ती लिहून ठेवली. 1951 साली बहिणाबाई गेल्या आणि 1952 साली पुस्तक निघालं. कुणी लिहून घेतलं नसतं तर ती गाणी त्यांच्याबरोबरच गेली असती.

शिट्टी आणि पापड

आवाज जुने जातात, तसे नवे येतात. प्रेशर कुकरचंच बघा. 1679 साली देनी पापँ या फ्रेंच माणसानं लंडनमध्ये घट्ट झाकणाचं, वाफ कोंडणारं भांडं करून दाखवलं. आत दाब वाढला की पाणी शंभर अंशांच्याही वर तापतं, म्हणून डाळ लवकर शिजते. आपल्या देशात 1950 च्या दशकाच्या शेवटी कुकर बनायला लागले आणि हळूहळू खेड्यापर्यंत आले. त्याची शिट्टी खरं तर जास्तीची वाफ सोडण्यासाठी. पण आपल्या बायकांनी तिचं घड्याळ केलं. भाताला इतक्या, तुरीला इतक्या, हरभऱ्याला इतक्या. बाई अंगणात कपडे वाळत घालतेय आणि शिट्ट्या मोजतेय. नवं यंत्र आलं आणि आपण त्याला जुन्याच विद्येत, कानाच्या विद्येत बसवून घेतलं.

पापडाची गोष्टही याच काळातली. 15 मार्च 1959 रोजी मुंबईत गिरगावात सात बायकांनी 80 रुपये उसने घेऊन गच्चीवर पापड लाटायला सुरुवात केली. तीच पुढं लिज्जत म्हणून ओळखली जाणारी, हजारो बायकांची संस्था झाली. त्यांच्या टीव्हीवरच्या जाहिरातीतलं गाणं पापड मोडण्याच्या आवाजावरच बेतलेलं होतं, हे तुमच्यापैकी अनेकींना आठवत असेल. पापड विकायचा तर त्याचा आवाज विकावा लागतो, हे त्यांना चांगलं समजलं होतं.

आता आपल्या गटाचं

हे सगळं सांगण्यामागं आमचा एक हेतू आहे.

आपल्यातल्या कितीतरी गटांचा धंदा पापड, कुरडया, चकल्या, चिवडा, शेवया यांचा आहे. गिऱ्हाईक पाकीट फोडतं तेव्हा पहिली परीक्षा कानाची होते. हवेतली ओल लागली की पदार्थ मऊ पडतो आणि त्याचा आवाज आधी जातो. म्हणून पाकीट बंद करण्याआधी प्रत्येक घाण्यातली एक चकली मोडून ऐकायची सवय ठेवा. ती पूर्ण गार झाल्यावर ऐका, गरम असताना नाही. आणि तळणाच्या जागी गाणी मोठ्यानं लावू नका, कढईचा आवाज झाकला जातो.

गिरणीत किंवा कांडप यंत्रावर रोज काम करणाऱ्यांनी कान जपावेत. सततच्या मोठ्या आवाजानं ऐकू येणं हळूहळू कमी होतं आणि गेलेलं परत येत नाही. कान झाकायची साधनं बाजारात मिळतात. गटाच्या खर्चातून ती घ्यावीत, तो उधळेपणा नाही. ज्यांना आधीच कमी ऐकू येतं त्या बायका बुडबुड्यांवरून, वासावरून, झाऱ्याला जाणवणाऱ्या थरथरीवरून तेच ओळखतात. त्यांच्याकडूनही शिकण्यासारखं आहे.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. खर्च काढताना आपण डाळ लिहितो, तेल लिहितो, गॅस लिहितो. मजुरीच्या जागी सगळ्यात शेवटी, उरेल तो आकडा टाकतो. कढईजवळ बसून नुसत्या आवाजावर घाणा ओळखणारी जी बाई असते, तिच्या कामाला आपणच म्हणतो, त्यात काय, सगळ्यांनाच येतं. मग व्यापाऱ्यानं तसं म्हटलं तर राग कशाला? ब्रे गावच्या आचाऱ्यानं शंखात आवाज भरला तर त्याला कलावंत म्हणतात, त्याच्या जेवणाचे भरपूर पैसे मोजतात. आपल्या गटातल्या बाईच्या कानात वीस-तीस वर्षांची विद्या आहे. तिला कौशल्य म्हणा, तसं हिशेबाच्या वहीत लिहा आणि भाव ठरवताना ते धरा. ही सुरुवात आपल्यालाच करावी लागेल.

पुढच्या बैठकीत एवढं करा. गटातल्या सगळ्यात वयस्क बाईला मध्ये बसवा आणि विचारा: आत्या, तुम्ही काय काय ऐकून ओळखता? ती म्हणेल, मला काय येतंय? तरी विचारत राहा. आमटीला कढ आला कसं कळतं, शेंगदाणे भाजले गेले कसं कळतं, पुरण आटलं कसं कळतं. जिला लिहिता येतं तिनं तिच्याच शब्दांत लिहून घ्यावं, नाव-गाव आणि तारखेसकट. ज्यांच्याकडं मोबाइल आहे त्यांनी फोडणीचा, लाह्यांचा, जुनं जातं फिरत असेल तर त्याचा आवाज भरून घ्यावा. आम्हाला पाठवा, आम्ही तो रेडिओवरून सगळ्यांना ऐकवू, करणाऱ्या बाईचं नाव घेऊन.

पुढच्या वेळी भेटू. नमस्कार.